नटाचा फोन

काल भंगाराच्या दुकानात एसटीडी-आयएसडीची पिवळी पाटी दिसली आणि मला आदिलाबादचा आमचा बूथ आठवला. नव्वदच्या दशकात कॉलेज करून मी तो सांभाळायचे. कारखान्यात यंत्र बसवायला आलेला एक कोरियन इंजिनिअर घरी फोन करायला यायचा. त्याचे वडील पन्नास-साठच्या दशकांत तिकडच्या सिनेमांत नट होते. पडद्यावर मरायचं काम नेहमी त्यांच्याच वाट्याला यायचं, असं तो हसत सांगायचा.

त्या दुपारी मात्र तो घामाघूम होऊन आला. वडील दवाखान्यात होते. मी नंबर फिरवत राहिले, पण लाइन लागेना.

"सोडू नको माय, लावून पाह्य," बाबा मागून म्हणाले.

शेवटी पलीकडून एका म्हाताऱ्याचा खणखणीत आवाज आला. मी घाईने फोन त्याच्या हाती दिला. दोनच मिनिटं बोलून त्याने फोन ठेवला.

"काय म्हणाले?" मी हिंदीत विचारलं; तेवढी तो कारखान्यात शिकला होता.

"म्हणाले, ठणठणीत आहे, काम संपवूनच ये." त्याने पैसे माझ्यापुढे ठेवले. "फार चांगले नट आहेत ते."

त्याच संध्याकाळच्या गाडीने तो निघाला. वडील बरे असताना हा चालला काऊन, मला कळेना.

मागच्या वर्षी बाबा फोनवर मला म्हणाले, "मी मजेत हाओ." मी लगेच बस पकडली.