दिगूचं बसणं

दिगू जाऊन दीड महिना झाला. भेटायला येणारं प्रत्येक माणूस अजून तेच म्हणतं, "किती शांतपणे गेला तुमचा भाऊ!" शांतपणे! त्या शांतपणानंच तर घात केला...

माझ्यापेक्षा सहा वर्षांनी धाकटा. नागपूरला चित्रकला शिकायला गेला आणि रंग-ब्रश सोडून परत आला. म्हणे, आता शरीर हीच माझी कला. म्हणजे काय, तर भर मे महिन्यात डोक्यावर भरलेली घागर घेऊन चार-चार तास उभं राहायचं. "माणूस किती सोसू शकते, हे पाहाचं हाय मले." मी म्हणायची, "मंग लगन कर ना बाप्पा!"

सगळ्यात मोठा प्रयोग मालेगावच्या बसस्टँडसमोर. तीन दिवस स्टुलावर बसायचं; अन्न नाही, बोलणं नाही, फक्त पाणी. त्यानं हात वर केल्याशिवाय कोणी उठवायचं नाही, ही अट. आता आमच्याकडे चौकात उपाशी माणूस बसला की त्याचा एकच अर्थ होतो. दुपारपर्यंत डोक्यावर मंडप आला. "मागणी काय हाय भाऊ?" हा गप्प. मग किन्हीराजा गावाकडच्या लोकांनी आपलीच मागणी फलकावर लिहून टाकली, जळालेली विजेची डीपी बदलून द्या! तिसऱ्या दिवशी वीज कंपनीचे साहेब लिंबूपाणी आणि लेखी आश्वासन घेऊन हजर. आठवड्यात डीपी बसली, शेतात लाईन आली, शाल-नारळ देऊन सत्कार झाला; आणि हा माझ्या स्वयंपाकघरात आदळआपट करतोय, "ताई, माह्या कलेचं वाटोळं केलं यायनं!"

मग त्यानं माझी ओसरी धरली. रोज सकाळी तासभर सराव. बसलेला असताना त्याच्याशी बोलायचं नाही, ही तंबी. बरं बाबा. त्या दिवशीही बसला होता. कपाळावर घाम होता, पण तो नेहमीच असायचा. मी झाडत आले आणि त्याच्या पायांभोवतीनं झाडून पुढे गेले. शेजारीण हाका मारत आली तर तिलाच दटावलं, "हळू बोल वं, तो बसून राह्यला." तासाचे दोन झाले तेव्हा खांद्याला हात लावला... डॉक्टर म्हणाले, छातीत कळ येऊन बराच वेळ झाला असावा. अरे, मग हात वर करायचा ना! अट तुझीच होती ना, शहाण्या? जन्मभर सोसायचा अभ्यास केलास, 'दुखतंय' एवढं म्हणायला तेवढं शिकला नाहीस. आणि मी बाजूनं झाडत होते. हे मला कोणी बोलून दाखवत नाही, म्हणून इथं लिहिते.

आता घरात कोणी गप्प बसलेलं मला सोसवत नाही. परवा आमचे हे खुर्चीत हलेनात, तर मी कणकेच्या हातांनी धावले आणि गदागदा हलवलं. "काय दुखून राह्यलं? सांगा!"

"अवं, पेपर वाचून राह्यलो मी!"

सदऱ्यावर कणकेचे दोन पंजे उमटले होते. म्हटलं, "वाचा. पण मधून मधून खाकरत जा."

तेव्हापासून प्रत्येक पान उलटताना ते खाकरतात.