धावणारी अंत्ययात्रा

फिल्मच्या कारखान्यात सगळे तिला वहिनी म्हणत. नवरा रस्त्यावर उभा राहून कॅमेऱ्याचं हँडल फिरवायचा, ती आतल्या खोलीत फिल्मचे तुकडे जोडायची. ‘तो तोडून आणतो, तुम्ही जोडता, संसार असावा तर असा,’ असं व्यवस्थापक चिडवायचे. चित्रं अजून मुकी होती तेव्हाची ही गोष्ट.

देशाचे नेते वारले आणि त्यांच्या सरकारी अंत्ययात्रेचं चित्रण नवऱ्याकडे आलं. वहिनीने जोडलेली फिल्म पडद्यावर लावून पाहिली. तोफेच्या गाड्यावरची शवपेटी दुडुदुडु धावत होती आणि मागून सेनापती कोंबड्यांसारखे तुरुतुरु. रडता रडता नवऱ्याचा हात मंदावला होता. कॅमेरा हळू फिरला की पडद्यावर माणसं पळतात, पण हे सरकारला कोण सांगणार? नेत्यांचं व्यंगचित्र काढणारा शेजारचा चित्रकार असाच उचलला गेला होता. तो परतलाच नव्हता.

मंत्र्यांसमोरच्या खेळाला प्रोजेक्टर वहिनीने स्वतः चालवला, अगदी सावकाश. माणसं माणसांसारखी चालू लागली. पण दिव्यापुढे रेंगाळणारी फिल्म तापत होती, आणि तेव्हाची फिल्म म्हणजे निव्वळ दारूगोळा, जरा जास्त तापली की भडकायची. करपल्याचा वास नाकात शिरला तेवढ्यात शेवटचा तुकडा सरला. खाली मंत्री डोळे पुसत होते. त्यांनी हुकूम सोडला, गावोगावी दाखवा.

प्रती डब्यांत भरताना नवरा म्हणाला, “अगं, प्रत्येक डब्यात चिठ्ठी टाक. मशीन सावकाश फिरवा म्हणावं.”

“आणि पेटली तर? पोरंबाळं बसलेली असतील.”

“तू नाही का फिरवलंस?”

“मला वास कळला. त्यांना कळेल?”

त्याने दाराकडे पाहिलं. मग खालच्या आवाजात म्हणाला, “नाहीतर मला नेतील गं.”

तिने मान डोलावली. तो गाडीवाल्याला बोलवायला गेला, तशी तिने एकेका डब्याचं झाकण दाबून बसवलं. चिठ्ठी एकातही टाकली नाही.

“टाकल्यास ना?” परतल्यावर त्याने विचारलं.

“टाकल्या हो,” ती म्हणाली.

त्याचा जीव भांड्यात पडला. त्यानंतर दारात गाडी थांबली की तो जेवता जेवता सहज म्हणे, बघ गं कोण आलंय. आणि वहिनी उठून, पदर सावरत, दाराकडे जाई.