फोरमनमामांना आठवलं नाही

शिबिराला आलेल्या साठ-सत्तर मुलांची नावं फोरमनमामांना पहिल्या दिवशी दुपारच्या जेवणापर्यंत पाठ झालेली असायची. नुसती नावं नव्हेत. कोण कुठल्या मंडळीतलं, म्हणजे कुठल्या चर्चचं, कुणाचे वडील काय करतात, कुणाचा उन्हात घोळणा फुटतो, कुणाला वांगं चालत नाही, हे सगळं. हजेरीचा कागद त्यांनी कधी हातात धरलेला मी पाहिला नाही. कागद माझ्याकडे असायचा, आणि चुकायचा तोच. "इस्तर, तुझ्या यादीत मिरजेचा आशिष दोनदा हाय आणि इचलकरंजीची मेरी एकदाबी न्हाय," असं ते अंगणाच्या दुसऱ्या टोकावरून सांगायचे. माझं नाव एस्तेर. शाळेच्या दाखल्यापासून लग्नाच्या पत्रिकेपर्यंत सगळीकडे तेच आहे. इस्तर मी फक्त त्यांची.

कोल्हापूरच्या उद्यमनगरातल्या एका फौंड्रीत फोरमन म्हणून त्यांचं आयुष्य गेलं होतं. भट्टीच्या आवाजात बोलायची सवय लागलेली आणि कानही थोडे गेलेले, त्यामुळे हळू बोलणं त्यांना माहीतच नव्हतं. प्रार्थनासुद्धा अशी करायचे, की पाळकसाहेब एकदा हसून म्हणाले, मामा, देव बहिरा नाही. त्यावर मामा म्हणाले, "तो न्हाय, मी हाय. मला तर ऐकू याला पाहिजे की, मी काय मागतोय ते."

आमचं सेवाशिबिर दर मे महिन्यात आठ दिवस भरायचं. कोल्हापूर आणि आसपासच्या मंडळ्यांतली मुलं एखाद्या गावच्या शाळेत मुक्काम करायची आणि एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या माणसांची घरं नीट करून द्यायची. भिंतीला चुना, दाराला रंग, पण मुख्य काम छपराचं. पावसाच्या आत कौलं उतरवून, फुटकी काढून, कौलांखालच्या कुजक्या लाकडी रिपा बदलून पुन्हा बसवायची. माणूस कुठल्या देवाला हात जोडतो हे विचारायचं नाही, असा मामांचा दंडक होता. आम्ही मोठी माणसं दहा-बारा. कुणी स्वयंपाक बघायचं, कुणाकडे औषधांची पेटी, कुणी टेम्पो चालवायचं, आणि दहा मुलांमागे एक ताई किंवा दादा. या सगळ्यांच्या वर कामाचे प्रमुख फोरमनमामा. "काम पोरं करत्यात. मोठ्यांनी खाली हुबं ऱ्हायचं आणि नजर वर ठेवायची. तेवढंच आपलं काम," असं ते आम्हाला पहिल्या सभेत सांगायचे. अठरा वर्षांखालच्या कुणीही छपरावर चढायचं नाही, हा नियमही त्यांनीच लिहिलेला होता.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा चोवीस वर्षांची होते. बी.एड. झालं होतं, पण चार माणसांत तोंड उघडायची भीती वाटायची. वाक्य अर्ध्यावर आलं की घशात अडकायचं. तिसऱ्या दिवशी सकाळी मामांनी मला मैदानाच्या एका कडेला उभं केलं, मुलांना दुसऱ्या कडेला, आणि म्हणाले, हजेरी घे. मी दोन नावं घेतली, कुणालाच ऐकू गेली नाहीत. "पोटातनं आवाज काढ," ते म्हणाले, "गळा काय कामाचा न्हाय." सगळी हजेरी होईपर्यंत ते माझ्या शेजारी उभे राहिले. मुलं हसली तेव्हा त्यांनी नुसतं तिकडे पाहिलं. आज मी वर्गात शिकवते आणि शेवटच्या बाकापर्यंत माझा आवाज जातो. तो त्या मैदानावरचा आवाज आहे. हे मी कधी नाकारलं नाही, आणि नाकारावंसं खूप वाटलं तेव्हाही नाकारता आलं नाही.

माझ्या पाचव्या शिबिराचं गाव कागलच्या पुढे, कर्नाटक सीमेच्या बाजूला होतं. चार घरांची छपरं करून देऊ, असं मामांनी गावच्या सरपंचांना सांगितलं होतं. माझ्या गटाकडे गंगाक्काचं घर आलं. कपाळावर विभूतीचे आडवे पट्टे ओढणारी, मराठीत कानडी मिसळून बोलणारी ही लिंगायत म्हातारी दिवसभर कट्ट्यावर बसून आमच्याकडे बघायची आणि दर तासाला ताक पाजायची. मामांना ती 'पावणं' म्हणायची. काम मात्र मागे पडलं होतं. सहावा दिवस उजाडला तरी दोन छपरं उघडी होती, आणि आमच्या गटातले चढू शकणारे दोन्ही दादा पोटं बिघडून पडले होते.

दुपारी मामा आले. वर बघितलं, घड्याळ बघितलं आणि मला कट्ट्याजवळ बाजूला घेतलं. सलोमीला वर चढव, म्हणाले. सलोमी सोळा वर्षांची होती. खो-खोत जिल्ह्यापर्यंत खेळलेली, काटक, आणि पोलीस व्हायचं असं सातवीपासून घरात सांगून ठेवलेली. मी नियमाची आठवण करून दिली.

"नियम मीच लिवलाय की. पोरगी हलकी हाय, कौलं फुटायची न्हाईत. मी हाय खाली हुबा."

ते उभे आहेत म्हटल्यावर मला भीती वाटली नाही. मी सलोमीकडे गेले आणि म्हणाले, चढ. ती आनंदाने चढली. दहा मिनिटांनी दुसऱ्या घराकडून चुना संपल्याचा निरोप आला आणि मामा टेम्पोकडे गेले. मी खाली कौलं मोजून वर देत होते. कोपऱ्यातली रीप आतून कुजलेली होती. मला आधी लाकडाचा आवाज आला, मग सलोमी माझ्यापासून दोन हातांवर फरशीवर पडलेली दिसली. उजव्या हातावर पडली होती. ती ओरडली नाही. "ताई, हात माझा नाही असं वाटतंय," एवढंच म्हणाली.

कोपराची शस्त्रक्रिया झाली. हात वाचला, पण पूर्ण सरळ झाला नाही.

तीन आठवड्यांनी, रविवारच्या उपासनेनंतर, मंडळीच्या कमिटीने आम्हा सगळ्यांना बोलावलं. सलोमीची आई पुढच्या खुर्चीवर बसली होती. मुलीला वर कुणी पाठवलं, असं विचारलं. सलोमीने सांगितलं, एस्तेरताईंनी. ते खरंच होतं, तिने दुसरं काही ऐकलंच नव्हतं. मी उठून जे झालं ते सांगितलं. मला त्या वेळी चिंता वाटत नव्हती. मला वाटत होतं, आता मामा उठतील आणि त्यांच्या त्या आवाजात म्हणतील, पोरीला कशाला विचारताय, मी सांगितलं. मी त्याचीच वाट बघत होते.

मामा उठले. समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाले, "मी तसं काय बोलल्याचं मला आठवत न्हाय."

पहिल्यांदाच ते हळू बोलले. मागच्या रांगेतल्या कुणीतरी काय म्हणाले, असं विचारलं, तेव्हा पाळकसाहेबांनी ते वाक्य मोठ्याने पुन्हा सांगितलं.

मी म्हणाले, गंगाक्का कट्ट्यावरच बसली होती, तिने ऐकलंय, तिला विचारा. एक वडीलधारे म्हणाले, आपल्या मंडळीच्या गोष्टीत गावच्या लोकांना कशाला आणायचं. दुसरे म्हणाले, मामांनी इतकी वर्षं सेवा केली, ते कशाला खोटं बोलतील. मग मी खोटी, हे कुणी तोंडाने म्हणालं नाही. माझं ताईपण काढून घेतलं आणि माझ्यासाठी प्रार्थना केली. ती प्रार्थना मामांनी केली नाही, एवढी एकच मेहरबानी त्यांनी माझ्यावर केली.

दुसऱ्या दिवशी मी सलोमीच्या घरी गेले. तिच्या आईने दार उघडलं, मला पाहिलं आणि लावून घेतलं. मी पुन्हा गेले नाही. उपासनेला दुसऱ्या मंडळीत जाऊ लागले. नवऱ्याला सगळं सांगितलं, आईला सांगितलं, आणि दोघांना सांगून पुरलं नाही म्हणून मनातल्या मनात रोज सांगत राहिले. भाजी चिरताना, वह्या तपासताना मी मामांशी भांडायची. माझ्या त्या भांडणात ते दर वेळी कबूल करायचे.

सहा वर्षांनी त्यांचा फोन आला. मुलाकडे पुण्याला कायमचा चाललोय, येऊन जा. मी गेले. मामी वारल्यापासून घर रिकामंच होतं, आता खोकी बांधलेली होती. त्यांनी स्वतः चहा केला, साखर विसरले, मग पुन्हा उठून आणली. म्हणाले, शिबिराच्या कामाचं प्रमुखपद तुझ्याकडे देतोय, तुझ्याइतकं ते कुणाला जमायचं न्हाय, कमिटीला पटवलंय मी.

कसं पटवलंत, मी विचारलं.

"म्हटलं, चूक झाली पोरीची तवा. पण लहान हुती. सहा वरसं झाली, आता माफ करा."

माझ्या हातात कप होता. तो मी खाली ठेवला. आवाज चढवायची मला गरज नव्हती, त्यांच्या अगदी जवळ बसून विचारलं, "मामा, तुम्हाला खरंच आठवत नाही?"

"आठवतंय की," ते म्हणाले. "कट्ट्यापाशी. तू नियम सांगितलास. समदं आठवतंय." मग म्हणाले, त्या दिवशी सगळ्यांच्या समोर तोंडातून ते निघालं आणि नंतर परत घेता आलं नाही. मी म्हणाले, आता घ्या. रविवारी उभं राहून सांगा. त्यांनी मान हलवली. "आता जाताना कशाला, इस्तर. लोकांच्या मनात जेवढा हाय, तेवढा ऱ्हाऊ दे मला."

मी चप्पल घालून निघाले. जिना उतरताना त्यांनी दोनदा हाक मारली, ती सगळ्या गल्लीला ऐकू गेली असेल.

तिथून मी सरळ सलोमीच्या घरी गेले. सहा वर्षं तो रस्ता मी टाळला होता, त्या संध्याकाळी मात्र माझ्याकडे सांगण्यासारखं होतं. मामांनी कबूल केलं होतं. दार सलोमीनेच उघडलं. बावीस वर्षांची झाली होती, एका पतसंस्थेत नोकरीला होती, उजव्या हातामुळे पोलीस भरतीला ती कधीच उभी राहू शकली नव्हती. मी बसायच्या आत सगळं सांगून टाकलं. कट्टा, मामांचं वाक्य, कमिटी, आजचा चहा.

"सांगितलं असेल त्यांनी," ती म्हणाली. "पण ताई, 'चढ' तुम्ही म्हणालात. आणि मामा गेली सहा वर्षं दर शनिवारी येतात. हाताचा व्यायाम करून घेतात. पहिलं वर्षभर मी रडायचे, शिव्यापण द्यायचे, तरी यायचे. का येतात, हे आईनं कधी विचारलं नाही. तिला कळलं असणार." मग म्हणाली, "तुम्ही एकदाच आला होता. आईनं दार लावलं होतं. मी आत जागी होते."

माझ्यावर झालेल्या अन्यायाचा मी इतका हिशेब ठेवला, की त्यात या मुलीचा हात कुठे लिहायचा राहूनच गेला होता. मी तिची माफी मागितली. ती म्हणाली, चहा घेणार का.

मामांच्या निरोपाच्या कार्यक्रमाला मी गेले नाही. प्रमुखपद घेतलं, पण आधी कमिटीला लेखी कळवलं, की मला माफी नको आहे, त्या दिवशी मी खरं बोलले होते, आणि मुलीला वर पाठवलं तेही मीच. दोन्ही वाक्यं एकाच कागदावर होती. उत्तर आलं नाही, नेमणूक आली.

मामा आता पुण्यात असतात. शनिवारी सलोमीला फोन करतात, ती मला कधी कधी सांगते. मला करत नाहीत, मीही करत नाही. मी त्यांना माफ केलंय का, असं नवरा अधूनमधून विचारतो. मला अजून सांगता येत नाही. शनिवारी शाळा सकाळची असते. दुपारी मी सलोमीकडे जाते.