कटोरी कट

कटोरी हा शब्द मला घरातच मिळाला. माझे वडील, आम्ही त्यांना आप्पा म्हणतो, सोलापुरात केस कापायचं दुकान चालवतात. एक खुर्ची, एक मोठा आरसा आणि वाट बघणाऱ्यांसाठी एक बाकडं. मोहोळ तालुक्यातल्या गावातून ते लग्नाआधीच इकडं आले आणि तेव्हापासून त्याच गल्लीत आहेत. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिला. त्यामुळे काही लिहायचं म्हटलं की आपल्याला जमेल का, अशी शंका आधी येते. पण हा एक शब्द मला इतरांपेक्षा थोडा जास्त माहीत आहे, असं वाटतं.

मी लहान होतो तेव्हा कटोरी म्हणजे लहान मुलांची कटिंग. डोक्यावर वाटी पालथी घालावी आणि कडेखालचे केस कापून टाकावेत, तशी दिसणारी. शाळा उघडायच्या आधी आया पोरांना दंडाला धरून आणायच्या. "आप्पा, कटोरी मारा ह्याला. दोन म्हैनं बघाय नको." यात चेष्टा अजिबात नव्हती. ती सोय होती. पोर रडायला लागलं की आप्पा त्याच्या कानाजवळ कात्री नुसतीच हवेत वाजवायचे आणि ते आवाजाकडं बघत गप्प व्हायचं.

धंद्यातल्या माणसांत मात्र हा शब्द वेगळा वापरतात. कानापासून वर जाताना केस हळूहळू दाट होत गेले पाहिजेत. याला आप्पा उतार म्हणतात. उतार न साधता केस जिथं एकदम सुरू होतात, तिथं पायरी दिसते. अशी पायरी राहिलेली कटिंग म्हणजे कटोरी. एका न्हाव्यानं दुसऱ्याच्या कामाला कटोरी म्हणणं म्हणजे त्याचा हात बसलेला नाही असं म्हणणं. कुठून तरी बिघडवून आणलेलं डोकं खुर्चीत बसलं की आप्पा मानेवर कंगवा टेकवून विचारायचे, "कुणी मारली वो ही कटोरी? पाय ठिवून वर चढावं अशी पायरी हाय की." बाकड्यावरची माणसं हसायची. मीही हसायचो.

आप्पांचा आणखी एक नियम होता. अर्ध्या कटिंगवर माणूस उठवायचा नाही. एकदा गावाकडून फोन आला की माझे आजोबा गेले. खुर्चीतल्या माणसाची एकच बाजू झाली होती. तो म्हणाला, "आप्पा, ऱ्हाऊ द्या, जावा तुमी." आप्पांनी दुसरी बाजू पुरी केली, मान झाडली, पावडर लावली आणि मग शटर ओढलं.

कॉलेजात पहिल्या वर्षी हाच शब्द मला नाव म्हणून चिकटला. मागच्या बाकावर जुळे सोलापुरातला, म्हणजे शहराच्या नव्या वस्तीतला, एक मुलगा बसायचा. पुढं तो माझा चांगला मित्र झाला, पण सुरुवात अशी झाली.

"काय बे कटोरी, सरक की तिकडं."

आजूबाजूचे हसले. त्याला जोर आला. "कुटं मारली बे? वाटी घरनं नेलतीस का त्यांनीच दिली?"

मीही हसलो आणि म्हणालो, "गावाकडं मारली. जत्रेला गेलतो तवा."

हे खोटं होतं. आप्पांशिवाय माझ्या केसांना तोवर कुणाचा हात लागला नव्हता. माझे वडील न्हावी आहेत हे मी त्या दिवशी सांगितलं नाही, आणि नंतर सांगायचं तर आधीचं खोटं उघडं पडलं असतं. मग ते तसंच राहिलं. "कटोरी, वही दे की," "कटोरी आला का बे?" असं रोज चालायचं. कुणाच्या मनात वाईट नव्हतं. त्यांच्या भाषेत कटोरी म्हणजे गावाकडचा, एवढंच. जुन्या पद्धतीची कटिंग म्हणून चिडवतात, अशी मी स्वतःची समजूत घातली होती.

एकदा त्या मित्रानं गंमत म्हणून मोबाईलवर मागून माझा फोटो काढला आणि दाखवला. पायरी होती. एका कानामागून दुसऱ्या कानापर्यंत गेलेली, आणि मध्ये वाकडी झालेली. मी फोटो बोटांनी मोठा करून बघितला. मित्राला वाटलं मी चिडलो. मी चिडलो नव्हतो. आरशात समोरूनच दिसतं, त्यामुळे मला हे कधी कळलंच नव्हतं.

त्यानंतर मी आप्पांकडं बघायला लागलो. चहाचा ग्लास ते दोन्ही हातांनी धरत होते. शर्टाची वरची गुंडी आई लावून देत होती. दुकानात कात्री चालवण्याआधी ते करंगळी गिऱ्हाईकाच्या डोक्यावर टेकवायचे आणि क्षणभर थांबायचे. पूर्वी असं थांबत नसत.

अक्कलकोटकडचे एक कापडवाले काका दर रविवारी आप्पांकडं दाढी करायचे. मी लहान असल्यापासून येत होते. दोघांचं बोलणं अर्धं मराठीत, अर्धं कानडीत चालायचं. एका रविवारी मी बाकड्यावर पेपर वाचत होतो आणि आप्पांचा वस्तरा काकांच्या हनुवटीखाली घसरला. फार नाही, पण पांढऱ्या फेसावर लाल रेघ उमटली. आप्पांनी तुरटी उचलली, ती हातातून सुटली. काकांनीच ती मांडीवरून उचलून गळ्याला लावली आणि म्हणाले, "इरली बिडी, आप्पा." असू द्या, असं. दाढी पुरी झाली. पुढच्या रविवारी काका आले नाहीत. त्याच्या पुढच्या रविवारी ते समोरच्या बाजूनं चालत गेले. तिकडूनच त्यांनी हात जोडले. आप्पांनीही जोडले.

आई मला म्हणाली, "तू शिकलेला हाईस. तू सांग त्यास्नी."

आधी मी त्यांना दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी हात पुढं करायला लावले, चालायला लावलं आणि कंपवात आहे म्हणून सांगितलं. आप्पांनी एकच विचारलं, "कात्री धरता येईल नव्हं?" डॉक्टर म्हणाले, "गोळ्या सुरू करू. बघू." मग मी कॉलेजला आहे हे कळल्यावर माझ्याकडं वळून म्हणाले, हे प्रोग्रेसिव्ह असतं, वाढत जातं. हा शब्द मी पुस्तकात वाचला होता, पण चांगल्या अर्थानं. बाहेर बसलेल्या आईनं विचारलं, "काय म्हणलं डाक्टर?" मी म्हणालो, "गोळ्या चुकवायच्या न्हायत."

आप्पांना कुणीतरी थांबा म्हणायला हवं होतं. किमान वस्तरा तरी ठेवा, असं. मी घरातून ठरवून निघायचो. दुकानात गेलं की ते फडक्यानं आरसा पुसत असायचे, नाहीतर पट्ट्यावर वस्तरा घासत असायचे, आणि मी "चहा आणू का?" एवढंच विचारायचो. गोळ्यांनी थोडा फरक पडला, मग तोही कमी झाला. दाढीची माणसं गेली. आप्पा म्हणायचे, "दाढी आता घरीच करत्यात सगळी."

सांगायच्या ऐवजी मी वेगळंच केलं. वर्गात सगळ्यांसमोर उभं राहून निबंध वाचायचा होता. मित्र म्हणाला, "कटोरी घेऊन उभा ऱ्हाणार काय बे? चल, आमच्याकडं मस्त कापतोय एकजण." मी गेलो. जुळे सोलापुरातलं ते दुकान थंडगार होतं. कापणाऱ्यानं माझं डोकं पुढं वाकवलं आणि विचारलं, "आधी कुणी कापलंय? कटोरीच पडलीय पार. पायरी मोडायला खालनं बारीक घ्यावं लागंल." मित्र हसला. खाली जमिनीवर माझे केस पडत होते, मी ते बघत बसलो.

घरी आलो तेव्हा आप्पा दारातच होते. त्यांना काही विचारावं लागलं नाही. त्यांनी माझी मान वळवली आणि अंगठा खालून वर फिरवला.

"मशीन लावलीय," ते म्हणाले, "पण शेवट कात्रीनं केलाय. हात बसलाय त्याचा."

मी चपला काढायला वाकलो.

"आदीच्या कटिंगला काय म्हणला?"

"काय न्हाय म्हणला."

"म्हणला असंल की," आप्पा म्हणाले. "मी तर म्हणलो असतो."

ते आत जाऊन जेवायला बसले. आईनं भाकरी चुरून दिली.

पाचेक आठवडे गेले. माझे केस वाढले. त्या थंडगार दुकानात मी परत गेलो नाही आणि आप्पांच्या खुर्चीतही बसलो नाही. एका रविवारी अकराच्या सुमाराला मी त्यांचा डबा घेऊन दुकानात गेलो. पूर्वी रविवारी या वेळेला बाकड्यावर जागा मिळायची नाही. बाकडं रिकामं होतं. आप्पांनी माझ्याकडं बघून खुर्ची फडक्यानं झाडली.

"लई वाढल्यात. बस."

मी बसलो. त्यांनी गळ्याभोवती कापड बांधलं. गाठ मारायला वेळ लागला. पाण्याचा फवारा मारला, भांग पाडला. मी म्हणालो, "मशीन लावली तरी चालंल, आप्पा." ते म्हणाले, "उतार कात्रीचा."

उजवी बाजू झाली. त्यांनी ती खूप सावकाश केली. करंगळी माझ्या कानावर टेकलेली होती आणि ती थरथरताना मला कळत होती. आरशात त्यांचा चेहरा दिसत होता. दात आवळलेले होते. मला मान ताठ ठेवायची होती, तेवढीच मदत मला करता येत होती.

डावीकडं आल्यावर कात्रीचं टोक कानाला लागलं. रक्त आलं नाही. आप्पा थांबले. डाव्या हातानं उजवं मनगट धरून पुन्हा कापायला गेले, तर कंगवा खाली पडला. तो त्यांनी उचलला, पुसला आणि पुन्हा सुरू केलं. कात्री केसांपर्यंत यायची, दोनदा हवेत वाजायची आणि मागं जायची. लहान पोरांसाठी वाजवायचे तशी. असं किती वेळ चाललं मला सांगता येणार नाही. "ऱ्हाऊ द्या, आप्पा," हे शब्द माझ्या तोंडात होते. ते बोललो तर सगळंच बोलल्यासारखं होईल, म्हणून मी बसून राहिलो.

शेवटी त्यांनी कात्री ठेवली. फळीवर नाही, ड्रॉवरमध्ये ठेवली आणि ड्रॉवर लावला.

"चल."

"कुटं?"

"चल म्हणलं की."

गळ्यातलं कापड काढायचंही त्यांच्या लक्षात आलं नाही. मी तसाच त्यांच्या मागून निघालो. गल्लीच्या तोंडाला एका तरुण पोरानं दोनेक वर्षांपूर्वी सलून काढलंय. आप्पा त्याच्याविषयी कधी वाईट बोलले नव्हते, पण त्याची पायरीही कधी चढले नव्हते. आम्ही आत गेलो तेव्हा सोफा भरलेला होता.

"आप्पा?" तो पोरगा मशीन बंद करून म्हणाला. "या की. काय झालं?"

"ह्याची एक बाजू ऱ्हायलीय."

त्यानं माझ्याकडं बघितलं, मग आप्पांच्या हाताकडं. "बसवा की लगेच."

"न्हाय. नंबरनं."

"तुमाला कसला नंबर, आप्पा?"

"नंबरनंच."

एकानं सरकून त्यांना जागा दिली. मी शेजारी उभा राहिलो, गळ्यात कापड, डोकं अर्धं. सोफ्यावरच्या दोघांनी एकमेकांना कोपरानं ढोसलं आणि मला तो शब्द ऐकू आला. आप्पांनाही आला असणार. ते समोर बघत राहिले. खुर्चीतल्या मुलानं मोबाईलवर परदेशी पोरांचा फोटो धरला होता, कपाळावर गोल केस सोडलेल्या पोरांचा. अशीच पाहिजे म्हणत होता.

आप्पांनी वाकून फोटो बघितला. "ही कटोरीच की."

"व्हय आप्पा, आता फॅशन हाय ही," सलूनवाला हसून म्हणाला. "पण आतनं उतार द्यावा लागतोय."

"उतार पायजेच," आप्पा म्हणाले.

माझा नंबर आला. आप्पा उठून खुर्चीमागं उभे राहिले, हात पाठीमागं, एकात एक अडकवलेले. "कानामागनं घे. तितं भोवरा हाय, दाबून धर. पायरी ठिवू नको." पोरगा प्रत्येक वेळी "व्हय, आप्पा," म्हणत होता. त्यानं उजवी बाजू बघितली आणि तिला हात लावला नाही. डावी तिला जुळवून घेतली. मला नंतर कळलं की उजवीकडं थोडी पायरी होती, तेवढीच त्यानं डावीकडंही ठेवली.

मान झाडून झाल्यावर मागची बाजू दाखवायला त्यानं छोटा आरसा उचलला. आणि काय वाटलं कुणास ठाऊक, तो आप्पांच्या हातात दिला. आप्पांनी तो दोन्ही हातांनी माझ्या मानेमागं धरला. मी समोरच्या आरशात बघितलं. छोटा आरसा हलत होता. त्यात कधी छत दिसत होतं, कधी सोफ्यावरची पोरं, कधी माझ्या कानाचा तुकडा.

"दिसतंय नव्हं नीट?" आप्पांनी विचारलं.

"व्हय," मी म्हणालो. "दिसतंय."

त्यांनी आरसा तसाच धरून ठेवला.