जपानी खून, चिनी सबटायटल्स

सिंगापुरात सेरंगूनला मंदारच्या फ्लॅटवर आम्ही दर शनिवारी दुपारी सिनेमा बघायचो. सिनेमे विसरलो, पण बघताना कोण काय बोललं ते डोक्यात साठलंय. त्यातल्या त्यात त्या एका जपानी रहस्यपटाची सर कशालाच नाही!

* * *

सिनेमा एका पत्रकाराच्या खुनाचा. मंदारने डीव्हीडी हौसेने आणली, लावली, आणि बघतो तर सबटायटल्स फक्त चिनी! शेवटी शेजारच्या लिम आंटींना बोलावलं. त्या वाचून इंग्रजीत सांगायला लागल्या. अर्ध्या तासात पत्रकाराचं प्रेत सापडलं आणि आंटी एकदम गप्प.

"आंटी, व्हॉट ही सेड?"

"वेट लाह! आय सी फर्स्ट!"

* * *

मंदारची बायको केतकी स्वयंपाकघरात भजी तळत होती. मधेच डोकावली आणि किंचाळली, "अरे, हा मेला होता ना?"

"फ्लॅशबॅक आहे गं!"

"मग आधी सांगायचं ना! मी मघाशी उगाच रडले!"

* * *

मंदार चांगी बिझनेस पार्कमध्ये एका बँकेचा आयटी मॅनेजर. त्याचा सगळा राग डिटेक्टिव्हवर. "एवढा तपास करतोय, पण कुणाला एक अपडेट देईल तर शपथ! आमच्याकडे पहिल्याच मीटिंगमध्ये झापला असता!"

* * *

त्याची मुलगी इरा खुनी शोधत होती. पण पडद्यावर जो तो कमरेत वाकून नमस्कार करणारा. शेवटी वैतागली, "पप्पा, एव्हरीबडी सो पोलाइट, हाऊ टू कॅच लाह!"

* * *

मंदारचे वडील, नाना, सांगलीकडे उभी हयात वार्ताहर होते. आई गेल्यावर मंदारने त्यांना इकडे आणलं, तेव्हापासून "हो" आणि "नको" यापलीकडे बोलणं नाही. त्या दिवशीही कोपऱ्यातल्या खुर्चीत नुसते बसून होते.

खुनी पकडला गेला. आम्ही टाळ्या वाजवल्या, उठलो, केतकी चहाचं बघायला वळली.

"मंदार," नाना म्हणाले. आम्ही सगळे थबकलो. "आंटींना विचार, ज्या बातमीपायी तो गेला, ती छापून आली का?"

मंदारने विचारलं. आंटींनी शेवटचा सीन मागे नेऊन पुन्हा बघितला. मान हलवली. "नेव्हर शो."

"मग संपला कुठे सिनेमा?" नानांचा आवाज चांगलाच चढला. "बसा सगळे खाली!"

आणि आम्ही बसलो. आंटीसुद्धा!