कुसुमताई, हजर

कुसुमताई गेल्याचं सांगायला त्यांच्या भाच्याने सांगलीहून फोन केला, तेव्हा मी कुवेतला, रिग्गईतल्या आमच्या फ्लॅटमध्ये आमटीला फोडणी देत होते. ‘आत्या गेली’ एवढंच तो म्हणाला. फोन ठेवला, गॅस बंद केला... आणि ताटं घेतली ती दोन. त्या कुवेत सोडून गेल्याला दोन वर्षं झाली होती, तरी हात काही सुधारला नाही.

आम्ही एकाच दवाखान्यात होतो, त्या नर्स आणि मी लॅबमध्ये. दोघी एकट्या, म्हणून एकत्र राहिलो. तिथे एका टीव्ही मालिकेच्या दिग्दर्शकाची आई दाखल होती. कुसुमताईंना सलाईन लावताना पाहून त्याने विचारलं, माझ्या मालिकेत नर्स व्हाल का? काम एवढंच, की मालिकेतल्या आजारी मालकीणबाईंनी ‘सिस्टर’ अशी हाक मारायची आणि यांनी अदबीने ‘हादिर’ म्हणायचं, म्हणजे ‘आले’. पण कुसुमताईंनी घरी तालमी अशा केल्या की जणू नायिकाच. पेशंट अर्थात मी! तोंडात थर्मामीटर कोंबलेला, त्यामुळे हसायचीही सोय नव्हती. प्रत्यक्ष शूटिंगला मात्र घाबरल्या आणि शाळेत हजेरी द्यावी तशा ताठ उभ्या राहून खणखणीत म्हणाल्या, ‘हजर!’ सगळे हसले. दिग्दर्शकाला ते इतकं आवडलं, की त्याने तसंच ठेवलं.

मग दर रमझानच्या मालिकेत त्यांना बोलावणं येऊ लागलं. कधी नर्स, कधी मोलकरीण, पण ‘हजर’ ठरलेलं. कोपऱ्यावरचा दुकानदारही त्यांना पाहून ‘हजर’ म्हणायचा आणि बाईंची मान तेवढ्यापुरती उंच व्हायची. घरी आल्यावर मात्र सूर वेगळा. एकदा म्हणाल्या, ‘दवाखान्यात सिस्टर, टीव्हीवरही सिस्टर. या गावात मला नावच नाही गं.’ पुढच्या मालिकेआधी धीर करून त्यांनी दिग्दर्शकाला विचारलं, या बाईला एक नाव द्याल का? तो हो म्हणाला. ‘कुसुम’ म्हणणं त्याला जमेल का, याची त्यांना केवढी काळजी... संवादांचा कागद आला तर पुन्हा ‘सिस्टर’च. त्यांनी मुकाट्याने काम केलं. मला संताप आला, आणि त्यांना का येत नाही म्हणून आणखीच आला. त्या संध्याकाळी स्वयंपाकघरातून म्हणाल्या,

‘तू तरी मार की हाक. नीट, नावाने.’

मी मारली. आतून उत्तर आलं, ‘हजर.’ तेव्हापासून कामावरून आले की चपला काढायच्या आधी हाक मारायची, हा आमचा नेम झाला. कुवेत सोडून जाताना त्यांनी त्या मालिकेची व्हिडिओ कॅसेट माझ्या हातात ठेवली. सांगलीत कुणाला कळणार आहे, म्हणाल्या.

आता घरात आले की माझा आवाज मलाच ऐकू येतो. फार एकटं वाटतं, लपवण्यासारखं त्यात काही नाही. मग मी ती कॅसेट लावते. मालकीणबाई तोंड उघडतात त्या क्षणी टीव्हीचा आवाज बंद करते. त्यांचे ओठ ‘सिस्टर’ म्हणून हलतात, तेवढ्यात मी हाक मारते, ‘कुसुमताई...’ आणि आवाज पुन्हा सुरू करते.

‘हजर,’ त्या म्हणतात.

मग मी एकच ताट घेते.