मतदानापुरता रॅम्प

आमच्या शाळेला सहा पायऱ्या आहेत. मालाड पूर्वेला, टेकडीच्या उतारावर पालिकेची ही मराठी शाळा उभी आहे. वरून वाहत येणारे पाणी वर्गांत शिरू नये म्हणून बांधणाऱ्यांनी जोते कमरेइतके उंच घेतले, आणि ते योग्यच केले. तेवीस वर्षे मी त्या पायऱ्या चढत होते, पण त्या किती आहेत असे कोणी विचारले असते तर मला सांगता आले नसते. एका जूनमध्ये चौथीच्या माझ्या वर्गात चाकांच्या खुर्चीतून एक मुलगी आली. त्या दिवशी मी पायऱ्या मोजल्या.

तिचे वडील रिक्षा चालवतात. सकाळी फाटकाशी रिक्षा उभी करून ते आधी तिला उचलून वर आणत, व्हरांड्यातल्या बाकावर बसवत, मग खाली जाऊन खुर्ची आणत. दुपारी हाच क्रम उलटा. मधल्या सुट्टीत ती व्हरांड्याच्या कठड्याशी बसून डबा खाई, कारण मैदान सहा पायऱ्या खाली होते.

दिवाळीनंतर विधानसभेची निवडणूक आली. आमची शाळा मतदान केंद्र असते आणि मी तिथली केंद्रस्तरीय अधिकारी, म्हणजे ज्याला सगळे बीएलओ म्हणतात, ते काम करते. मतदारयादी अद्ययावत ठेवणे हे मुख्य काम. त्याबरोबर केंद्रावर किमान सुविधा आहेत की नाहीत याचा एक तक्ता भरावा लागतो. पिण्याचे पाणी, प्रकाश, सावली, स्वच्छतागृह, रॅम्प. रॅम्पपुढे मी नियमाने ‘नाही’ लिहिले. मतदानाच्या तीन दिवस आधी टेम्पो आला, चार माणसे उतरली, आणि दीड तासात लोखंडी सांगाड्यावर प्लायवूड ठोकून, त्यावर हिरवी चटई अंथरून, बाजूला कठडे लावून रॅम्प तयार झाला.

त्या दिवशी मधल्या सुट्टीत ती मुलगी त्या रॅम्पवरून सात वेळा खाली गेली आणि सात वेळा वर आली. उतार जरा जास्तच होता, तरी मैत्रिणी मागून ढकलत होत्या आणि ती त्यांच्यावरच ओरडत होती, “ए, सोड ना! मी करते!” आठव्या वेळी घंटा झाली.

वर्गात आल्यावर तिने विचारले, “बाई, हा उद्यापण असणार?”

“उद्यापासून शाळेला सुट्टी. मतदान आहे.”

“आणि त्याच्यानंतर?”

प्रश्नाला उत्तर द्यायचे, आणि उत्तर येत नसेल तर तसे सांगायचे, असा माझा वर्गातला नियम आहे. मी त्या दिवशी तो पाळला नाही. फळ्याकडे वळले.

मतदानाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तीच माणसे बोल्ट काढत होती. मी म्हटले, “राहू द्या ना हा. आम्हाला हवा आहे.”

“मॅडम, हा इलेक्शनचा माल आहे,” त्यांच्यातला म्होरक्या म्हणाला. “टेन्शन नका घेऊ. पुढच्या इलेक्शनला परत येईल.”

तो खरेच बोलत होता. निवडणुकीच्या खर्चाचे लेखाशीर्ष वेगळे, शाळेच्या इमारतीच्या दुरुस्तीचे वेगळे. एका शीर्षाखालचे पैसे दुसऱ्याखाली वळत नाहीत, आणि वळू नयेत, कारण त्याच शिस्तीवर सार्वजनिक पैसा सुरक्षित राहतो. त्या नियमाशी माझे भांडण नव्हते. मला सलत होते ते इतकेच, की एका दिवसासाठी सरकारला ही मुलगी चढू शकेल असा रस्ता सुचला, आणि तो दिवस तिचा नव्हता. ती नऊ वर्षांची होती. तिला मत नव्हते.

मी पत्रे लिहायला घेतली. शिक्षण विभागाने कळवले की इमारतीची देखभाल त्यांच्याकडे नाही. देखभाल करणाऱ्या कार्यालयाने कळवले की चालू वर्षाची तरतूद संपली असून पुढील अंदाजपत्रकात विचार केला जाईल. पुढील अंदाजपत्रक आले. त्यात आमच्या विभागाला रस्ते होते, सुशोभीकरण होते, दिवे होते. आमच्या सहा पायऱ्यांचा विचार झाल्याचे दिसले नाही. दोन शैक्षणिक वर्षांत मिळून अकरा पत्रे झाली. पोहोच सगळ्यांची आली.

ती पाचवीत गेली. सप्टेंबरात एके सकाळी वडील तिला घेऊन चौथ्या पायरीवर थांबले. पडले नाहीत, नुसते थांबले, आणि बराच वेळ थांबले. मी व शिपाई धावलो. तिला वर ठेवल्यावर ते कमरेवर हात ठेवून मला म्हणाले, “बाई, डॉक्टरने वजन उचलायला ना बोललंय. गादी सरकलीय मणक्याची. दिवाळीपर्यंत खेचतो. नंतर घरीच ठेवतो तिला.”

“घरी म्हणजे?”

“घरी म्हणजे घरी, बाई. मी आडवा पडलो तर रिक्षा कोण चालवणार?”

ती हे ऐकत होती. तिने दप्तर उघडून वही काढली आणि काहीच लिहिले नाही.

त्या संध्याकाळी मी बारावे पत्र लिहिले नाही. विभाग कार्यालयात गेले आणि दुय्यम अभियंत्यासमोर बसले. वयाने तो माझ्या जुन्या विद्यार्थ्यांएवढा, पण अनुभवाने थकलेला. त्याने सगळी पत्रे आणि पोचपावत्या चाळल्या आणि हसून म्हणाला, “मॅडम, तुमचं मराठी झकास आहे. पण तुम्ही वेळ चुकीची पकडताय.”

मग त्याने मला जे समजावले ते मी वहीत उतरवून घेतले. अंदाजपत्रक फेब्रुवारीत मांडले जाते, पण त्याच्या याद्या पावसाळा सरताना तयार होतात. जानेवारीत मागणाऱ्याला उशीर झालेला असतो. पालिकेत कित्येक वर्षे नगरसेवक नव्हते, आता निवडणूक येणार होती, त्यामुळे सगळ्यांना कामे हवी होती, आणि तीही रस्त्यावरून दिसणारी. आचारसंहिता लागली की नवे काम निघत नाही. कागदावर मंजूर असलेले कामही थांबते. फक्त जे जागेवर सुरू झाले आहे ते पुढे चालू शकते.

“म्हणजे काम सुरू करण्याचा कार्यादेश हातात असून पुरेसा नाही?”

“नाही. कुदळ पडली पाहिजे,” तो म्हणाला. “आणि तुमच्या शाळेच्या नावावर एक काम येतंय. रॅम्प नाही. कमान.”

आमच्या भागाचे माजी नगरसेवक पुन्हा उभे राहणार होते. त्यांच्या पक्षाच्या आमदारांच्या निधीतून शाळेच्या फाटकावर प्रवेशकमान सुचवली गेली होती. माणूस वाईट नव्हता. त्यांच्या काळात वस्तीत नळ आले, हे मला ठाऊक होते. परंतु मी निवडणुकीचे काम करणारी; एकटीने त्यांच्या कार्यालयात जाणे मला शोभले नसते. शाळा व्यवस्थापन समितीचा मात्र तो हक्क होता. त्या समितीत पालक असतात, आणि मुलीची आई त्या वर्षी सदस्य होती. मूळची कणकवलीकडची, इथे एका पोळीभाजी केंद्रात कामाला. मुख्याध्यापिका, ती आणि मी, अशा तिघी ठराव घेऊन गेलो.

माजी नगरसेवकांनी चहा मागवला, ठराव वाचला आणि खाली ठेवला.

“बाई, तुमचं म्हणणं बरोबर आहे. पण रॅम्प म्हणजे काय हो? उतार! उताराचं उद्घाटन करतात का कधी? नारळ फोडायचा कुठं?”

शेजारी बसलेला त्यांचा कार्यकर्ता म्हणाला, “साहेब, कमानीवर फोटो येतो. रॅम्पवर चप्पल येते.” सगळे हसले. साहेबही.

इथवर मी गरजेबद्दल बोलत होते. नागरिकशास्त्राच्या तासाला शिकवतो तसे: सार्वजनिक पैसा गरजेच्या क्रमाने खर्च व्हावा. आता मी पेन ठेवले आणि वेगळे बोलले.

“साहेब, आमची शाळा मतदान केंद्र आहे. कमान फाटकावर, केंद्राच्या दारात. आचारसंहिता लागली की त्यावरचं तुमचं नाव कागदाने झाकावं लागतं. ते झाकायला पालिकेची माणसं येतील. मतदानाच्या दिवशी प्रत्येक मतदार त्या कागदाखालून आत येईल.”

कार्यकर्त्याने साहेबांकडे पाहिले.

तेव्हा मुलीची आई बोलली. तोवर तिने चहालाही हात लावला नव्हता. “साहेब, माका एक सांगा. कमान बघूक मान वर करूची लागता. रांगेत उभी ऱ्हवलेली म्हातारी माणसां मान वर करतली काय? ती पायाखाली बघतली. वर चढताना त्रास झालो नाय, तर कोणी केल्यान ता इचारतली. नाव लिवलेला नसला तरी इचारतली.”

साहेबांनी ठराव पुन्हा उचलला. मग कार्यकर्त्याला म्हणाले, “वहिनींना आपल्याकडे घे रे. तुझ्यापेक्षा बरं बोलतात.”

काम बदलून मिळाले. लांबीवरून पुन्हा वाद झाला. कंत्राटदाराला आखूड रॅम्प पुरेसा वाटत होता. मी त्याला आकृती काढून दाखवली: एक फूट उंच जायचे तर बारा फूट लांब जावे लागते, तरच खुर्चीतली व्यक्ती स्वतःच्या हातांनी चढते, त्याहून कमी घेतले तर कोणाला तरी ढकलावे लागते. पायऱ्या सहा, उंची तीन फूट, लांबी छत्तीस. मध्ये एक सपाट टप्पा आणि वळण. तो म्हणाला, “मॅडम, ढकलायला कोणी ना कोणी असतंच.” मी म्हटले, “नसतं.” आकृतीवर अभियंत्याची सही घेतली.

दिवाळी झाली, कार्यादेश निघाला नव्हता. मुलीच्या वडिलांकडे मी एक महिना मागितला. तेवढे दिवस आम्ही चार शिक्षक पाळीपाळीने तिला खुर्चीसह उचलत होतो. कसे उचलायचे हे तीच आम्हाला सांगे: “बाई, मागे झुकवा. सर, तुम्ही खालून धरा. आता.” डिसेंबरात कार्यादेश आला. तिसऱ्या दिवशी पायाचा चर खणला गेला. मी फाटकासह त्याचे छायाचित्र काढून त्याच दुपारी अभियंत्याला पाठवले. पुढच्याच आठवड्यात निवडणूक जाहीर झाली.

दुसऱ्या दिवशी मजूर आले नाहीत. कंत्राटदाराने फोनवर सांगितले, “आचारसंहिता लागली, काम बंद. मला नाही लफड्यात पडायचं.” आता पायऱ्यांपुढे गुडघाभर चर होता. पूर्वी तिला उचलून नेता येत होते. आता तेही कठीण झाले. वडिलांनी चराकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले, आणि रिक्षा वळवली. ती मागच्या सीटवर होती. पुढचे चार दिवस हजेरीत तिच्या नावापुढे गैरहजर लिहावे लागले.

मी रोज शाळा सुटली की विभाग कार्यालयात जाऊन बसले. भांडले नाही. कार्यादेशाची प्रत, छायाचित्र, आणि चालू कामाबाबतचा नियम ज्या परिपत्रकात होता त्याची प्रत, एवढे तीन कागद टाचून समोर ठेवत होते. “मॅडम, उद्या या,” म्हटले की उद्या जात होते. पाचव्या दिवशी अभियंत्याने काम सुरू ठेवण्यास हरकत नाही असे लेखी दिले. “आता तुम्हीच इथे नोकरी धरा,” तो म्हणाला.

चरावर फळी टाकून आम्ही चौघे तिला पुन्हा वर आणू लागलो. काँक्रीट पडले. ते पक्के होईपर्यंत त्यावर पाणी मारावे लागते. ते काम मजुरांऐवजी मुलीचे वडील करू लागले. रोज सकाळी पाइप घेऊन. कोणी सांगितले नव्हते. मतदानाच्या दिवशी काठी टेकत, नातवंडांचा हात धरत माणसे त्या उतारावरून वर आली. साहेब निवडून आले की पडले हे मी इथे लिहिणार नाही. केंद्रावर काम केलेल्या माणसाने ते लिहू नये.

मी मतांचा हिशेब सांगून एक काम मिळवले, हे मला प्रशस्त वाटत नाही. पण त्याबद्दल खंतही नाही. मला खंत वाटली ती एप्रिलमध्ये.

जूनमध्ये ती सहावीत जाणार होती, आणि सहावीचा वर्ग पहिल्या मजल्यावर आहे. तळमजल्यावर, रॅम्पच्या अगदी समोर, शिक्षक कक्ष आहे. मी सभेत सुचवले की कक्ष वर न्यावा आणि सहावी खाली आणावी. निधी लागत नव्हता. कोणाचे पत्रही लागत नव्हते. लागत होती फक्त आमची संमती.

“माझे गुडघे?” एक बाई म्हणाल्या.

“एका मुलीसाठी अख्ख्या स्टाफने वर-खाली करायचं?” एक सर म्हणाले. ते खुर्ची उचलणाऱ्या चौघांतले होते. “आपण मतदान घेऊया ना. लोकशाही आहे.”

मी खोलीतली डोकी मोजली. आम्ही चौदा जण. निकाल मला आधीच दिसत होता: चार विरुद्ध दहा. ती दहा माणसे चांगली होती, मुलांसाठी खिशातून वह्या आणणारी. तरी प्रत्येकजण स्वतःच्या गुडघ्यांपुरता विचार करत होता, आणि जिच्या शाळेचा प्रश्न होता तिला या खोलीत हात वर करायचा अधिकार नव्हता.

“यावर मतदान नको,” मी म्हटले. “कोणत्या सहलीला जायचं, यावर घ्या. तिने शाळेत यावं की नाही, हा आपल्या मतांचा विषय नाही.”

मुख्याध्यापिका उठल्या, भिंतीवरचे वेळापत्रक काढले, आणि शिक्षक कक्षाच्या रकान्यात सहावी लिहिले. “शनिवारी कपाटं वर न्यायची आहेत,” त्या म्हणाल्या. “ज्यांचे गुडघे बरे आहेत त्यांनी थांबा.”

शनिवारी नऊ जण थांबले.